वाफ दिसते, भोंगा नाही

चनबसप्पांच्या फोटो स्टुडिओच्या माळ्यावर
करडईच्या तेलाच्या डब्यात सापडलेलं रीळ
पुण्याहून परत आलं ते बोटाएवढ्या पेनड्राइव्हमधून.
तीन मिनिटं चाळीस सेकंद.
डबा त्यांनी परत केला नाही.

मल्लेशम गाजूल यांच्या टीव्हीवर
त्यांच्याच मागावरचा टॉवेल होता, तो सुनेनं उचलला.
एकतीस वर्षं साचाखात्यात.
मिल बंद पडली तेव्हा पितळी बिल्ल्यासोबत
कानही तिथेच जमा करून आले.

मिलचं फाटक.
छपरावरून पांढरी वाफ उठते
म्हणजे भोंगा झाला.
मला ऐकू येत नाही, त्यांनाही नाही.
या खोलीत पहिल्यांदाच आम्ही सारखे.

फाटक उघडतं, माणसं निघतात
जरा जास्तच लगबगीनं, सगळ्यांनाच लघवीला लागल्यासारखी.
यंत्र हातानं फिरवायचं होतं तेव्हा.
चनबसप्पांचा हात दमला की लोक भरभर चालतात,
हाताला जोर आला की सावकाश.
भिंतीवरची नोटीस एक शेळी
खालच्या ओळीपासून वर खात जाते.
एक पोरगा डावीकडून उजवीकडे पळतो,
यंत्राच्या मागून वळसा घालून पुन्हा डावीकडून येतो.
तिसऱ्यांदा येतो तेव्हा डोक्यावर टोपी नाही.

मी म्हटलं, मोठ्यानं, सवयीनं:
काहीतरी बोलतायत बहुतेक.

"बहुतेक काय बे. बोलालेत की."

दोनशे साचे एकदम चालू असताना
ओठांनीच चालायचं सगळं,
उसनवारी, भांडण,
चिलवेरींच्या पोरीचं तर लग्नसुद्धा जमलं
अकरा नंबरच्या साच्यावरून चौदा नंबरला.

ते टीव्हीजवळ सरकले.
हा फेटेवाला: मीठ संपलंय.
त्याच्या मागचा: दाढ. गालावर हात बघ की.
हा आमच्यातला, तेलुगू. जरुगु म्हणालाय,
सरक, तुझ्यावर डबा रोखलाय त्यानं.
हा कन्नड. अर्धंच कळालं,
कुणाच्या तरी आईवरनं आहे.
आणि हसले, खोकला येईपर्यंत.

माझ्या वहीत मी आधीच लिहून ठेवलं होतं:
'गंभीर, स्तब्ध चेहरे. श्रमिकांचं मौन.'
टेबलाखाली हात घेऊन खोडलं.

मग ती बाई.
केसांत सरकीचा कापूस अडकलेला,
पदराच्या गाठीत बहुधा चिल्लर.
सगळे बाजूनं जातात, ही थेट समोर येऊन थांबते
आणि बोलते. चार शब्द, पाच असतील.
वळते. पाऊल उचलते.
रीळ तिथेच संपतं, पाऊल खाली टेकत नाही.

"परत लाव."

शेळी पुन्हा नोटीस खाते. टोपी पुन्हा पडते.
ती पुन्हा येते.

"परत."

चौथ्या वेळी त्यांनीच हात वर केला.
काय म्हणते?
"नाही कळालं."

जॉबरची मिशीआडची शिवी
पन्नास पावलांवरून ओळखणारा माणूस.

सुनेनं चहा आणला, सोबत कडक भाकरीचा चुरा आणि शेंगा चटणी.
मी विषय बदलला. त्यांनी बदलू दिला.
टॉवेल टीव्हीवर परत गेला.

गल्लीत समोरासमोरचे यंत्रमाग सुरू झाले होते.
चप्पल घालता घालता मी वळलो
आणि पुन्हा तेच विचारलं.
माझं मलाच ऐकू आलं नाही.
त्यांना कळालं.
खुर्चीतूनच, अजिबात आवाज न काढता
त्यांनी उत्तर दिलं,
चार शब्द, पाच असतील,
आणि मी दारात उभा,
मान हलवत, समजल्यासारखी.